कंदीलवाला

यादवराव ही हकीकत सांगायला बसले की आधी स्वतःवरच संशय घेतात. "मला नीट आठवतंय असं मी म्हणणार नाही," ते म्हणतात. "उन्हाळा होता हे नक्की, कारण खिडकीला ओला पंचा बांधलेला होता. साल दोन हजार पाच असेल, नाहीतर सहा. आणि जे पाहिलं ते खरंच पाहिलं, की पाहावंसं वाटलं म्हणून दिसलं... ते तुम्ही ठरवा." जन्मभर कॉलेजात पदार्थविज्ञान शिकवलेला माणूस. मोजण्यात चूक किती असू शकते ते आधी सांगायचं आणि उत्तर मग द्यायचं, ही त्यांची जुनी खोड. ऐकणाऱ्यानं ती खोड म्हणूनच घ्यावी आणि पुढं ऐकावं.

भिवंडीत कामतघरला, तळ्याच्या अंगाला त्यांचं घर. मागच्या भिंतीला लागून यंत्रमागांची शेड. त्या मागांचा खडखडाट अष्टौप्रहर चालू, आणि सुताला लावायच्या खळीचा आंबूस वास वाऱ्याबरोबर घरात. तिथं राहणाऱ्याला हा आवाज ऐकू येत नाही. ऐकू येतो तो थांबला म्हणजे. त्या वर्षांत भारनियमन भारी होतं. भर दुपारी लाइट गेली की सगळे माग एकदम थांबत, आणि आख्ख्या गावानं श्वास रोखून धरल्यासारखी शांतता पसरे.

त्या घरात यादवराव एकटे होते. बायको चंपा आदल्या वर्षी गेली. सरकारी दवाखान्यात तिनं उभी हयात नोकरी केली होती. आजूबाजूच्या मागवाल्यांत ती 'चंपा सिस्टर'. ती गेल्यापासून यादवराव गोष्टी विसरू लागले. दूध उतू जाई, गॅस चालू राही, चावी फ्रिजमध्ये सापडे. पण खरी भीती वेगळीच होती, आणि ती त्यांनी कुणाला सांगितली नव्हती. डोळे मिटले की त्यांना चंपाचा फोटो दिसे, चंपा दिसत नसे. ती चालायची कशी, वळायची कशी, पदर खोचायची कशी, ते काहीच हलताना दिसेना. त्यांची मुलगी धम्मदिना पुण्यात संगणकाच्या कंपनीत होती. तिनं स्पष्ट सांगितलं होतं, "आईचं वर्ष झालं की तुम्ही पुण्याला यायचं. घर बंद करायचं. गॅसचा स्फोट झाल्यावर मी कुणाला विचारू?"

अशा एका दुपारी चंपाचा धाकटा भाऊ नागसेन आला. टॉवेलात काहीतरी गुंडाळून, तान्हं मूल धरावं तसं छातीशी धरलेलं.

"दाजी, वळखा काय हाय."

"बॉम्ब नसला म्हणजे मिळवली."

"कंदीलवाला हाय. ताईचा."

यादवराव चष्मा पुसत उभे राहिले.

पूर्वी नागसेनचं टॉकीजच्या गल्लीत व्हिडिओ गेमचं पार्लर होतं. तिथल्या एका मशिनला सगळे 'कंदीलवाला' म्हणत. खरं नाव पडद्यावर कुठल्याशा परक्या लिपीत होतं, ते कधी कुणाला वाचता आलं नाही. एक अंगठ्याएवढा माणूस हातात कंदील घेऊन अंधाऱ्या इमारतीत मजल्यामागून मजला खाली उतरत जायचा. कंदिलाचा उजेड हातभर, बाकी काळोख, आणि त्या काळोखातून मागं लागलेलं एक पांढरं काहीतरी. ड्युटीवर जाताना चंपा भावाला डबा द्यायला थांबे आणि एक डाव खेळून जाई. पांढऱ्या साडीतली सिस्टर मशिनसमोर उभी राहिली की लूमवर जाणारे कारागीर स्वतःचे डाव सोडून तिच्यामागं गोळा होत. "सिस्टर, आप खेलो, हम देखेंगे." यादवरावही कितीदा तिची पर्स धरून त्या गर्दीत उभे राहिलेत. आपली बायको एवढी मोठी कलावंत आहे आणि हे फक्त भिवंडीच्या एका गल्लीला माहीत आहे, याचा त्यांना केवढा अभिमान वाटे!

तिच्या खेळण्यात एक लकब होती. शिडी आली की बाकीचे खेळणारे जीव घेऊन खाली पळत. चंपा थांबे. कंदीलवाल्याला आल्या वाटेकडे वळवून क्षणभर उभा करी आणि मगच उतरे. मागचं पांढरं हातभर अंतरावर आलेलं असे. बघणाऱ्यांच्या काळजाचा ठोका चुके. नागसेन ओरडे, "ताई, मरशील!" ती म्हणे, "वॉर्डातनं निघताना मागं वळून बघितल्याशिवाय दिवा मालवायचा नसतो." आणि ती मरत नसे. ड्युटीची वेळ झाली की कंदीलवाला तसाच सोडून जाई. शेवटचा मजला ना तिनं पाहिला होता ना दुसऱ्या कुणी.

पार्लर बंद पडल्यावर ती मशीन दापोड्याच्या एका गोदामात पडून होती. आता ते गोदाम पाडत होते. "लाकूड वाळवीनं खाल्लं," नागसेन म्हणाला. "काच फुटली. ह्यो बोर्ड तेवढा जिता असंल तर बघा."

टॉवेलात हिरवा, धुळीनं माखलेला बोर्ड होता. त्यावरच्या प्रत्येक चिपच्या पाठीवर पांढरी चिकटपट्टी लावलेली. दवाखान्यातली.

"ही चंपानं लावली?"

"मंग कोन? चिपच्या काचंवर ऊन पडलं की आतलं समदं पुसलं जातं, असं मी बोललो व्हतो. दुसऱ्या दिवशी आली, नि जखमंला लावावी तशी येकेकीला पट्टी लावून गेली."

यादवरावांनी पट्ट्या तशाच ठेवल्या. कॉलेजच्या प्रयोगशाळेत जाऊन त्यांनी एकेक चिप यंत्रावर वाचून घेतली आणि प्रत्येकीची फाइल केली. घरात धम्मदिनाचा कॉलेजातला जाडजूड संगणक होता. त्यावर तिनं तेव्हाच एक एम्युलेटर घालून ठेवला होता, म्हणजे जुन्या मशिनचं सोंग घेणारा प्रोग्राम. चिपांच्या फाइली त्याला दिल्या की मशीन नसताना खेळ चालतो. फक्त फाइली त्याच्या मनासारख्या हव्यात.

तिथंच घोडं पेंड खाऊ लागलं. एम्युलेटरची नव्यातली नवी आवृत्ती उतरवून घेतली तर ती अर्ध्या फाइली नाकारी. प्रत्येक फाइलचा एक खुणेचा आकडा निघतो. तो एम्युलेटरजवळच्या यादीतल्या आकड्याशी जुळला नाही की झालं. यादवरावांनी फोन केला.

"बाबा, तुमच्या फाइलींचा सेट जुना आहे," धम्मदिना म्हणाली. "प्रत्येक आवृत्तीची आपली आपली यादी असते. जुनीला जुन्याच फाइली लागतात. नव्या, चांगल्या दिल्या तरी ती ओळखत नाही."

"म्हणजे माझ्यासारखी."

"तुम्ही नव्याही ओळखत नाही आणि जुन्याही," ती हसली. मग तिचा आवाज बदलला. "बाबा, गॅस बंद आहे ना?"

गॅस बंद होता. ते उठून बघून आले, परत बसले, आणि पुन्हा एकदा उठून बघून आले.

तिनं कॉलेजात असताना जमवलेल्या जुन्या आवृत्त्यांची सीडी कपाटात होती. यादवराव एकेक आवृत्ती मागं जाऊ लागले. प्रत्येक पायरीला आणखी एखादी फाइल ओळखली जाई. एकीचं नाव बदलावं लागे, दुसरी त्या काळी दोन तुकड्यांत असे, ती तशी तोडून द्यावी लागे. हे काम करताना त्यांना कितीतरी महिन्यांनी बरं वाटत होतं. ज्यांनी जगभरच्या मोडक्या मशिनांतून हे सगळं एकेक आकडा जुळवून वाचवलं, त्या कधी न पाहिलेल्या माणसांना ते मनोमन हात जोडत. फक्त एक फाइल कुठंच जुळेना. त्यांना वाटलं, आपणच चिप चुकीची वाचली. पुन्हा प्रयोगशाळेत गेले, पुन्हा वाचली. आकडा तोच.

सीडीवरची सगळ्यात जुनी आवृत्ती उरली होती. ती चालू केली आणि सगळ्या फाइली जुळल्या. ती एक न जुळणारीसुद्धा.

पडद्यावर परक्या लिपीतलं नाव आलं. मग गुणांचा तक्ता आला. मग पुन्हा नाव. यादवरावांनी मांडीवर थाप मारली. पुढं खेळायची त्यांची काही हिंमत नव्हती. ते नुसते बघत बसले. तेवढ्यात लाइट गेली. मागचे माग थांबले. नागसेननं बसवून दिलेल्या जुन्या यूपीएसनं बॅटरीवर टूं... टूं... सुरू केलं. यादवराव संगणक बंद करायला वाकले, आणि त्या शांततेत त्यांना पावलं ऐकू आली.

टप. टप. टप.

पडद्यावर कंदीलवाला चालत होता.

ते हसले. खेळायला कुणी नसलं की मशीन आपली आपणच थोडं खेळून दाखवते. गिऱ्हाईक ओढायला सगळ्याच मशिनांत ती सोय असते. कंदीलवाला शिडीपाशी आला.

आणि थांबला.

आल्या वाटेकडे वळला. क्षणभर तसाच उभा राहिला. मग खाली उतरला.

यादवरावांचा हात बटणावर तसाच राहिला. खोलीत खळीचा वास होता, घामाचा होता, आणि त्यात आणखी एक पुसटसा. स्पिरिटचा. टेबलावरच्या बोर्डावरच्या पट्ट्यांचा असेल... पण पट्ट्या कितीतरी वर्षांच्या होत्या.

दुसऱ्या दिवशी लाइट गेली तेव्हा तो पुन्हा आला. वाट कालची नव्हती. काल जिथं पोचला होता त्याच्या खालच्या मजल्यावरून त्यानं सुरुवात केली. माग चालू असताना कितीही वेळ बसलं तरी पडद्यावर नाव आणि तक्ता, तक्ता आणि नाव. माग थांबले की तो.

त्यांनी नागसेनला काल्हेरहून बोलावून घेतलं. तो आला, कंबरेवर हात ठेवून उभा राहिला आणि पडद्यावर पहिली शिडी येताच खाली बसला.

"ताईच हाय ही," तो पुटपुटला.

"नागसेन, नीट आठव. या मशिनला आपोआप खेळायची सोय होती का?"

"आता ते कसं सांगू दाजी? मशीन कधी मोकळी दिसलीच न्हाय. कोन ना कोन खेळतच असायचा."

"म्हणजे असेलही."

"असंल बी." नागसेननं पडद्यावरची नजर काढली नाही. "पन ह्ये असं वळून बघनं... दाजी, ह्ये मशिनला कोनी शिकवलं?"

यादवराव पडद्याच्या आणखी जवळ सरकले. कारण त्या अंगठ्याएवढ्या चित्राच्या वळण्यातून त्यांना चंपा हलताना दिसू लागली होती. वॉर्डाच्या दारात थांबलेली, एका खांद्यावरून वळलेली, डाव्या हाताचं बोट दिव्याच्या बटणावर. सगळं परत आलं होतं. तिची चालसुद्धा.

चंपाच्या वर्षाच्या पुण्यानुमोदनाच्या आदल्या दिवशी धम्मदिना आली. तिनं सगळं ऐकून घेतलं, आणि जे कुणीही शहाणं माणूस करील तेच केलं. स्वतःच्या लॅपटॉपवर नवी आवृत्ती लावली, फाइली सीडीवर घेतल्या, तपासल्या.

"बाबा, हे बघा. बाकीच्यांची नावं बदलली की त्या चालतात. ही एक फाइल कुठल्याच यादीत नाही. चिप खराब झालीय. जुन्या आवृत्तीला तपासणंच नीट येत नव्हतं म्हणून तिनं चालवून घेतली. खराब आकड्यांनी चित्र वेडंवाकडं हलतं, आणि तुम्हाला त्यात..." ती थांबली.

"बोल की. त्यात मला तुझी आई दिसते."

"तुम्ही थकलाय बाबा. हा डबा भंगारात द्यायचा आणि रविवारी माझ्याबरोबर निघायचं."

तिचं म्हणणं शास्त्राला धरून होतं. वर्गात यादवरावांनी स्वतः हेच सांगितलं असतं.

"दिना, एकदाच माझ्याशेजारी बस," ते म्हणाले. "तुला दिसलं नाही तर मी पुण्याला येतो. एक शब्द काढणार नाही."

दुसऱ्या दिवशी वंदना झाली, पाहुणे जेवून गेले. खिडकीवरच्या ओल्या पंच्यानं अंधारलेल्या खोलीत बुद्धमूर्तीपुढची मेणबत्ती तेवत होती. नागसेन, धम्मदिना आणि यादवराव पडद्यासमोर बसले. एक खुर्ची मागच्या दाराशी रिकामी राहिली.

नाव. तक्ता. नाव. तक्ता. भिंतीपलीकडे माग खडखडत होते. लाइट जायची वेळ झाली आणि टळली.

"रोज जाते," यादवराव म्हणाले. "आजच..."

"बाबा, असू द्या."

नागसेननं बोटं मोडली. "वीज मंडळाला बी आजच सुबुद्धी सुचायची व्हती."

धम्मदिनानं वडलांच्या गुडघ्यावर हात ठेवला. तो हात इतका मायेचा होता की यादवरावांना सगळं संपल्याचं कळलं. "ठीक आहे," ते उठत म्हणाले. "रविवारी..."

माग थांबले.

टूं... टूं... आणि त्यामागून, टप. टप. टप.

ते उभे होते तसेच राहिले. कंदीलवाला चालत होता, सावकाश, कसली घाई नसल्यासारखा. पांढरं मागं होतं. तो शिडीपाशी आला, थांबला, वळला. पुढची शिडी. पुन्हा थांबला. पांढरं इतकं जवळ आलं की कंदिलाच्या उजेडात त्याची कड दिसली... आणि तो बघत राहिला, निवांत, मग उतरला.

"मी शाळेतून तिला घ्यायला जायचे," धम्मदिना कुजबुजली. "वॉर्डाच्या बाहेर उभी राहायचे. ती दिवा मालवायच्या आधी अशीच..."

"श्श..." नागसेन म्हणाला.

काय तो डाव होता! एकही पाऊल वाया नाही, एकही चूक नाही. पांढरं दर वेळी हातभर अंतरावर, आणि हातभर अंतरावरच. यादवरावांना वाटलं, आत्ता इथं टॉकीजच्या गल्लीतली ती सगळी गर्दी हवी होती. मजले मागं पडत गेले. मग एक मजला आला, ज्याला खाली जायला शिडी नव्हती. नुसतं एक दार होतं. पांढरं वरच राहिलं. खाली उतरलंच नाही.

यूपीएस घाईनं वाजू लागला.

कंदीलवाला दारापाशी गेला. थांबला. आणि या वेळी तो आल्या वाटेकडे वळला नाही. पडद्यातून बाहेर, त्यांच्याकडे वळला. बारीकसा चेहरा, दोन डोळ्यांचे दोन ठिपके. त्यानं नागसेनकडे पाहिलं. मग धम्मदिनाकडे. मग यादवरावांकडे. रोग्यांच्या खाटा नजरेखालून घालाव्यात तसं, एकेकावर थांबत. मग मागच्या दाराशी जिथं रिकामी खुर्ची होती तिकडे. तिकडे तो सगळ्यात जास्त वेळ बघत होता.

मग कंदील विझला. यूपीएस थांबला. पडदा काळा झाला.

मेणबत्तीच्या उजेडात कुणीही मागं वळून खुर्चीकडे पाहिलं नाही. माग पुन्हा सुरू झाले तेव्हा धम्मदिना म्हणाली, "बाबा, पुण्याचं राहू द्या. गॅसला मी आपोआप बंद होणारी शेगडी आणते."

तो संगणक नंतर सुरूच झाला नाही. डिस्क गेली होती. जुनी होती, जाणारच होती. यादवराव आजही त्याच घरात राहतात. चंपा आता त्यांना हवी तेव्हा हलताना दिसते, आणि ते फारसं काही विसरतही नाहीत. मागच्या दाराशी असलेली ती खुर्ची त्यांनी टाकली नाही, पण तिच्यावर कुणी बसू लागलं तर ते दुसरी पुढं करतात.

एवढी हकीकत झाली की ते चष्मा काढतात आणि एक गोष्ट सांगतात, जिच्याबद्दल त्यांना अजिबात शंका नाही. पुष्कळ वर्षांनी धम्मदिनानं फाइली घेतलेली ती सीडी काढली. तोवर जाणकारांनी हा खेळ आकड्याआकड्यानं उलगडून ठेवला होता. त्याला आपोआप खेळायची सोय कधीच नव्हती. पण असं कुणी म्हणतं म्हणून मानणारी ती नव्हती. तिनं फाइलींतली, त्या न जुळलेल्या फाइलीतलीसुद्धा, सगळी चित्रं बाहेर काढून एका कागदावर छापली आणि वडलांना आणून दिली. यादवरावांनी भिंग घेऊन ती एकेक तपासली, दुसऱ्या दिवशी पुन्हा तपासली. डावीकडे चालणारा कंदीलवाला होता, उजवीकडे चालणारा होता, पडलेला होता, शिडी उतरणारा पाठमोरा होता.

समोरून त्याचा चेहरा कुणी काढलेलाच नव्हता.